एक शिवाजी महाराज, तीन ‘आपण’

मागच्या व्याख्यानात आपण जर्मनीपाशी थांबलो होतो. १८०७-०८ मध्ये फ्रेंच सैन्याच्या ताब्यातल्या बर्लिनमध्ये फिख्ते ‘जर्मन राष्ट्रा’ला उद्देशून व्याख्याने देत होता, तेव्हा जर्मनी नावाचे राज्यच नव्हते. ते झाले १८७१ मध्ये, आणि तेही ऑस्ट्रियातल्या जर्मनांना बाहेर ठेवून. लगेच बिस्मार्कने देशातल्या कॅथलिकांच्या निष्ठेवर शंका घेतली. म्हणजे राष्ट्र म्हटले की पहिला प्रश्न येतो : ‘आपण’ म्हणजे नेमके कोण?

हाच प्रश्न आपल्या पुण्यातही विचारला गेला, आणि गंमत म्हणजे तो एकाच राजाच्या नावाने विचारला गेला.

१८६९ मध्ये जोतीराव फुल्यांनी शिवाजी महाराजांवर पवाडा रचला. त्यातला राजा शेतकऱ्यांचा, कष्टकऱ्यांचा आहे. १८९५ मध्ये टिळकांनी ‘केसरी’तून रायगडावरच्या समाधीच्या जीर्णोद्धाराचा प्रश्न लावून धरला. पुढच्या वर्षी गडावर उत्सव झाला. इथे महाराज परक्या सत्तेपुढे उभ्या राहणाऱ्या राष्ट्राचे प्रतीक झाले. सरकारलाही ते कळले : १८९७ मध्ये उत्सवासंबंधीच्या मजकुरावरूनच टिळकांवर राजद्रोहाचा खटला चालला आणि त्यांना दीड वर्षाची शिक्षा झाली.

तिसरा प्रसंग नोव्हेंबर १९२१ चा. काँग्रेसने प्रिन्स ऑफ वेल्सच्या दौऱ्यावर बहिष्कार पुकारला होता. त्याच राजपुत्राच्या हस्ते शाहू छत्रपतींनी पुण्यात शिवस्मारकाची कोनशिला बसवून घेतली. करमरकरांनी घडवलेल्या अश्वारूढ पुतळ्याचे अनावरण १९२८ मध्ये झाले, पण ते पाहायला शाहू महाराज हयात नव्हते.

आता, यातला खरा देशभक्त कोण, असे विचारून आपण मोकळे होतो. पण तो प्रश्न अपुरा आहे. टिळक विचारत होते, राज्य कोणाचे? फुले आणि शाहू महाराज विचारत होते, त्या राज्यात शाळेच्या बाकावर आणि पाणवठ्यावर आमची जागा कुठे? जातींनी तुकडे केलेल्या समाजात लोक ‘एकमय’ झाल्याशिवाय राष्ट्र कसे होईल, ही फुल्यांची शंका होती. ती देशद्रोहाची नव्हती. राष्ट्र घडवण्याची पहिली अट ती सांगत होती.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर १९४७ मध्ये मिळाले. दुसऱ्याचे? पुढच्या शिवजयंतीच्या मिरवणुकीत ‘आपला राजा’ म्हणताना, त्या ‘आपला’मध्ये कोण कोण येते, एवढे मनाशी मोजून पाहू या.