‘शीळ’ : एका तबकडीचा इतिहास

त्र्यंबकेश्वरी दरवर्षी पौष वद्य एकादशीस निवृत्तिनाथांची यात्रा भरते. ब्रह्मगिरीच्या पायथ्याशी गावोगावच्या दिंड्या येऊन थडकतात, आणि टाळमृदंगाच्या साथीने जे अभंग म्हटले जातात ते म्हणणाऱ्यांपैकी फारच थोड्यांनी पुस्तकात पाहून पाठ केलेले असतात. बापाच्या तोंडून मुलाने ऐकावे, पुढच्या टाळकऱ्याच्या मागून मागच्याने म्हणावे, अशा रीतीने ते चालत आलेले आहेत. निवृत्तिनाथांनी शके १२१९ मध्ये, म्हणजे इ. स. १२९७ साली, येथे समाधी घेतली. तेव्हापासून आजवरच्या सातशेंहून अधिक वर्षांत या काव्याचा मुख्य आधार माणसाचा कंठ हाच राहिला आहे. या व्यवस्थेत आणखी एक सोय आहे, तिच्याकडे सहसा आपले लक्ष जात नाही. अभंगाच्या अखेरच्या चरणात कवीचे नाव गुंफलेले असते. म्हणणारा कोणीही असो, कोठलाही असो, गाणे संपविण्यापूर्वी त्यास कवीचे नाव उच्चारावेच लागते.

कंठाची जागा यंत्राने घेतली तेव्हा या सोयीचे काय झाले, हा प्रश्न मराठी भावगीताच्या इतिहासात फारसा कोणी विचारलेला नाही. तो विचारावयाचा तर ज्या एका तबकडीने महाराष्ट्रात कवितेला घरोघर नेले तिचीच हकीकत पाहणे उचित होईल. ती तबकडी म्हणजे ना. घ. देशपांडे यांची ‘शीळ’ ही कविता आणि जी. एन. जोशी यांचा आवाज.

ग्रामोफोन कंपनीचे फ्रेड गैसबर्ग हे ध्वनिमुद्रणतज्ज्ञ इ. स. १९०२ मध्ये कलकत्त्यास आले आणि त्यांनी गौहरजान या विख्यात गायिकेचे गाणे मुद्रित केले. तेव्हा हिंदुस्थानात तबकड्या छापण्याची सोय नव्हती. मेणावर उमटविलेले गाणे जर्मनीत हॅनोव्हरला जाई व तेथून तबकड्या होऊन परत येई. तेथील कारागिरांस हे गाणे कोणाचे, हे ओळखू यावे म्हणून गाणे संपताच गायकाने आपले नाव मोठ्याने सांगावे, असा प्रघात पडला. गौहरजानच्या जुन्या मुद्रिकांच्या शेवटी तिने इंग्रजीतून सांगितलेले आपले नाव आजही ऐकू येते. अभंगात ज्या ठिकाणी कवीचे नाव यावयाचे, नेमक्या त्याच ठिकाणी यंत्राच्या गाण्यात गायकाचे नाव येऊन बसले! कारण अगदी व्यवहाराचे होते, हेतू कोणाचाच नव्हता; परंतु पुढे जे घडावयाचे होते त्याचे बीज तेथे दिसते.

इ. स. १९०८ मध्ये कलकत्त्यात कंपनीचा कारखाना सुरू झाला आणि तबकड्या येथेच निघू लागल्या. पुढे कर्ण्यासमोर कान टवकारून बसलेल्या कुत्र्याचे चित्र घराघरांत ओळखीचे झाले. ज्या लाखेपासून तबकडी बनते तीही प्रामुख्याने आपल्याच देशातील जंगलांतून जमा होई. महाराष्ट्रात त्या काळी गाणे म्हणजे नाटकातले गाणे. भाऊराव कोल्हटकर १९०१ मध्येच निवर्तले होते, त्यामुळे त्यांचा आवाज यंत्रास लाभला नाही. पण बालगंधर्वांच्या पिढीची पदे तबकडीवर आली आणि ज्यांस मुंबई-पुण्याचे नाट्यगृह दुर्लभ होते त्यांनाही ती ऐकावयास मिळाली. तथापि हे ध्यानात ठेवले पाहिजे की या तबकड्या रंगभूमीच्या मागून चालत. पद आधी नाटकात गाजावे आणि नंतर ते मुद्रित व्हावे, असा क्रम होता. रंगभूमीचा आधार नसलेले, केवळ कविता म्हणून लिहिलेले काव्य कोणी मुद्रित करून विकेल, ही कल्पनाच दूरची होती.

यास एक यांत्रिक कारणही होते. प्रारंभीच्या पद्धतीत गायकास मोठ्या कर्ण्यात तोंड घालून गावे लागे. आवाजाच्या धक्क्यानेच सुई हलावयाची, म्हणून आवाज खडा आणि भरदार असणे आवश्यक. नाटकगृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचणारा गळा या कर्ण्यास मानवत असे. हळुवार, स्वतःशीच बोलल्यासारखे गाणे त्यात विरून जाई. इ. स. १९२५ मध्ये विद्युत् पद्धतीचे ध्वनिमुद्रण प्रचारात आले आणि काही वर्षांत ते आपल्याकडेही रूढ झाले. कर्ण्याच्या जागी मायक्रोफोन आला. आता कुजबुज आणि उसासा हेही उमटू लागले. भावगीत नावाचा जो प्रकार पुढे मराठीत इतका बहरला, त्याच्या जन्मकाळी या लहानशा उपकरणाने सुईणीचे काम केले, असे म्हणावयास हरकत नाही.

दुसरीकडे कवितेची भूमीही तयार होत होती. पुण्यास १९२३ मध्ये स्थापन झालेल्या रविकिरण मंडळाच्या कवींनी काव्यगायनाची चाल लोकप्रिय केली होती. यशवंत, गिरीश, माधव जूलियन यांच्या कविता श्रोते सभागृहात बसून ऐकत. ग्वाल्हेरीस भा. रा. तांबे गेयतेने ओथंबलेली गीते लिहीत होते. कविता ही डोळ्यांइतकीच कानांचीही वस्तू आहे, हे पुन्हा एकदा मराठी रसिकांच्या अंगवळणी पडत होते. उणीव होती ती एवढीच की कवी जेथे प्रत्यक्ष हजर असेल तेथेच हा लाभ मिळे.

अशा वेळी विदर्भात, बुलढाणा जिल्ह्यातील मेहकरच्या परिसरात वाढलेल्या नागोराव घनश्याम देशपांडे या वीस वर्षांच्या तरुणाने १९२९ साली ‘शीळ’ ही कविता लिहिली. रानातून कोणाची तरी शीळ ऐकू यावी आणि ती ऐकून एका तरुणीचे चित्त उडून जावे, एवढाच तिचा विषय. शब्द साधे, ग्रामीण वळणाचे. लय अशी की वाचतानाच ओठ हलू लागावेत. त्यांचेच जवळजवळ समवयस्क असलेले जी. एन. जोशी हे कायद्याचे पदवीधर. ते पेशाने नाटकातले नट नव्हते, की घराण्याचे गवई म्हणूनही त्यांची ख्याती झालेली नव्हती. त्यांनी ही कविता आपल्याच चालीत बांधली, आणि १९३२ च्या सुमारास ‘हिज मास्टर्स व्हॉइस’ कंपनीने ती मुद्रित करून विक्रीस आणली. ती कमालीची लोकप्रिय झाली. मराठीतील पहिली भावगीत-मुद्रिका म्हणून तिचे नाव सामान्यतः घेतले जाते.

‘पहिली’ या शब्दाविषयी मात्र थोडे सावध राहिले पाहिजे. त्याच सुमारास जे. एल. रानडे यांच्यासारखे गायकही कविता गात होते व त्यांच्याही तबकड्या निघत होत्या. कोणाची तबकडी दुकानात आधी आली, या वादास मर्यादेपलीकडे महत्त्व नाही. ‘शीळ’चे महत्त्व असे की तिच्यामागे नाटक नव्हते, कंपनीची जाहिरात झालेला नट नव्हता, देवादिकांची कथाही नव्हती. एक कविता आणि एक आवाज एवढ्या भांडवलावर ती उभी राहिली, आणि त्या भांडवलावर व्यापार होऊ शकतो हे तिने विक्रेत्यांस दाखवून दिले.

काळही मोठा संधिकाळाचा होता. १९३१ मध्ये ‘आलम आरा’ने हिंदुस्थानी चित्रपटास वाचा दिली, १९३२ मध्ये प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ मराठीत बोलू लागला. याच त्र्यंबकेश्वरी १८७० साली जन्मलेले दादासाहेब फाळके त्याच १९३२ मध्ये ‘सेतुबंधन’ हा मूकपट पुरा करीत होते. पण मूकपटाचे दिवस सरले होते, आणि त्या चित्रपटास पुढे आवाज जोडावा लागला. संगीत नाटकांच्या कंपन्या डबघाईस येत होत्या. १९३३ च्या ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकात केशवराव भोळे यांनी दिलेल्या चाली मोजक्या आणि भावानुकूल होत्या. रात्रभर पदे आळवण्याचा जमाना मागे पडत चालल्याची ती खूण होती. दहा इंची तबकडीच्या एका बाजूस सुमारे तीन मिनिटांचे गाणे बसे. नाट्यपदास ही मर्यादा जाचक होती. तीनचार कडव्यांच्या कवितेस ती मापून घेतलेल्या अंगरख्यासारखी बसली.

आता या हकीकतीतील सर्वांत विचार करण्याजोगी गोष्ट सांगावयाची आहे. ना. घ. देशपांडे यांचा पहिला काव्यसंग्रह, त्याचेही नाव ‘शीळ’च, प्रसिद्ध झाला तो १९५४ साली. कविता लिहिल्यानंतर पंचवीस वर्षांनी आणि तबकडी निघाल्यानंतर वीसबावीस वर्षांनी! छापखाना गावोगाव असलेल्या काळात एका आधुनिक कवीची कविता ग्रंथरूपाने यावयाच्या आधी दोन तपे लोकांच्या कानात आणि ओठांवर नांदत होती. त्र्यंबकच्या यात्रेत अभंग ज्या वाटेने येतो त्याच वाटेने ती आली. फरक एवढाच की मधल्या माणसाच्या जागी चावीचे यंत्र होते. टीकाकारांनी तिचे परीक्षण करण्यापूर्वीच हजारो श्रोत्यांनी तिला पदरात घेतले होते.

पण याच ठिकाणी यंत्राने एक वस्तू गाळून टाकली. ‘शीळ’मध्ये कवीची नाममुद्रा नाही, आधुनिक कवितेत ती नसतेच, कारण पुस्तकाच्या मुखपृष्ठावर कवीचे नाव असते असे आपण गृहीत धरतो. येथे तर पुस्तकच नव्हते. तबकडीच्या मधोमध चिकटविलेल्या कागदावर काहीही छापले असले, तरी मिनिटास ७८ फेरे घेणारा कागद वाचता येत नाही, आणि शेजारच्या घरातून येणारे गाणे ऐकणारास तर तो दिसतही नाही. ऐकू येतो तो गायकाचा आवाज. साहजिकच गाणे त्या आवाजाचे होते. ‘जोश्यांची शीळ’ असे म्हणणारास आपण कवीवर अन्याय करीत आहो, असे वाटण्याचे कारणच नसे.

कोणी म्हणेल, नाममुद्रा तरी कोठे निर्दोष होती? हे खरे आहे. नामदेवांच्या गाथेत विष्णुदास नामा या दुसऱ्या कवीचे अभंग मिसळलेले आहेत, आणि कोणता अभंग कोणाचा हे निवडताना संशोधकांची दमछाक झालेली आहे. कंठ नाव जपतो, पण त्याची राखण करू शकत नाही. यंत्राचे उलट आहे. ते स्वराचा एक कणही बदलू देत नाही, मात्र कर्त्याचे नाव बाजूला ठेवते.

ही गत केवळ आपल्याकडचीच नव्हे. जमैका बेटात १९५० नंतरच्या दशकाच्या अखेरीस ‘स्का’ नावाचे उड्या मारीत चालणाऱ्या लयीचे संगीत निर्माण झाले. मिली स्मॉल नावाच्या तेथील तरुणीने १९६४ मध्ये लंडनला ‘माय बॉय लॉलिपॉप’ हे गाणे म्हटले आणि ती तबकडी विलायतेत व अमेरिकेतही विक्रीच्या दुसऱ्या क्रमांकापर्यंत चढली. वस्तुतः ते गाणे बार्बी गे या अमेरिकन मुलीने १९५६ मध्येच मुद्रित केलेले होते, आणि रचना होती रॉबर्ट स्पेन्सर यांची. पुढे कर्त्यांच्या यादीत तबकड्यांच्या व्यापारातील मॉरिस लेव्ही यांचेही नाव लागले. जगाच्या लक्षात राहिली ती मिली. तबकडीच्या साम्राज्यात आवाज हा राजा, आणि शब्द रचणारा हा पडद्यामागचा कारकून, अशीच व्यवस्था सर्वत्र दिसते.

म्हणून जोश्यांकडे दोष जातो काय? मुळीच नाही. त्यांनी ही कविता निवडली नसती तर ती विदर्भाबाहेर केव्हा पोहोचली असती, कोण सांगणार? पुढे १९३८ पासून ते त्याच ध्वनिमुद्रण कंपनीत अधिकारपदावर होते आणि अनेक थोर गवयांचे गाणे त्यांच्या देखरेखीखाली मुद्रित झाले. शिवकुमार शर्मा, हरिप्रसाद चौरसिया आणि ब्रिजभूषण काबरा यांची १९६७ ची ‘कॉल ऑफ द व्हॅली’ ही गाजलेली मुद्रिकाही त्यांच्याच योजकतेचे फळ. गंमत अशी की तेथे तेच पडद्यामागे राहिले. ती मुद्रिका आवडीने ऐकणाऱ्या कितीकांस त्यांचे नाव ठाऊक असेल? देशपांडे यांस १९८६ मध्ये ‘खूणगाठी’ या संग्रहासाठी साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, आणि २००० साली नव्वदी ओलांडून ते निवर्तले. शेवटपर्यंत बहुतेकांस त्यांची ओळख करून देताना एकाच कवितेचे नाव पुरे होत असे.

कवीस न्याय देण्याचा एक मार्ग कायद्याने दाखविला आहे. आपल्या देशात २०१२ साली स्वामित्वहक्काच्या कायद्यात जी दुरुस्ती झाली तिने ध्वनिमुद्रित गीताच्या उत्पन्नातील कवीचा व संगीतकाराचा वाटा राखून ठेवला. हे आवश्यकच होते. पण पैशाचा हिशेब चुकता झाला तरी नावाचा होतोच असे नाही. तो हिशेब आकाशवाणीच्या निवेदकांनी कित्येक वर्षे मोठ्या इमानाने ठेविला. गीत वाजविण्यापूर्वी किंवा वाजवून झाल्यावर कवी, संगीतकार आणि गायक यांची नावे सांगण्याची त्यांची रीत होती. अभंगाच्या शेवटच्या चरणाचे काम ते एक वाक्य करीत असे. ज्यांनी ‘शीळ’ पुस्तकात कधीच वाचली नाही त्यांच्यापैकी अनेकांस ना. घ. देशपांडे हे नाव माहीत झाले ते त्या वाक्यामुळेच असावे.

आज गाणे खिशातल्या यंत्रावर ऐकू येते. त्याच्या काचेवर गायकाचे नाव येते, चित्र येते. कवीचे नाव पुष्कळदा येत नाही. म्हणून सभेत, शाळेत, घरच्या मैफलीत किंवा दुसऱ्यास गाणे पाठविताना कवीचे नाव घेण्याचा नेम प्रत्येकाने ठेवावा. त्र्यंबकच्या वाटेवरचा निरक्षर टाळकरी जे न चुकता करीत आला, ते करणे आपणांस कठीण पडू नये.