अब्दुललाट ते न्यूयॉर्क : पासपोर्ट पोस्टात आणणारे ज्ञानेश्वर मुळे

जिल्ह्याच्या पोस्टात पासपोर्ट काढायला गेलं की फोटो, बोटांचे ठसे, कागद तपासणी सगळं एकाच जागी होतं. दहा वर्षांपूर्वी तसं नव्हतं. कोल्हापूर भागातल्या माणसाला त्यासाठी पुणे गाठावं लागायचं. एक कागद कमी पडला की पुन्हा हेलपाटा. ही सोय पोस्टापर्यंत आली तेव्हा दिल्लीत परराष्ट्र मंत्रालयात या खात्याचे सचिव शिरोळ तालुक्यातले होते. त्यांचं नाव ज्ञानेश्वर मुळे.

गाव आणि शिक्षण

मुळे यांचा जन्म 1958 मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या अब्दुललाट या गावी झाला. शिरोळ तालुका म्हणजे कृष्णा-पंचगंगेच्या काठचा, उसाचा आणि पुराचा मुलूख. गावातलं शिक्षण झाल्यावर ते कोल्हापूरच्या राजर्षी शाहू विद्यानिकेतनमध्ये गेले. खेड्यातल्या हुशार मुलांना निवडून शिकवणारी ही निवासी शाळा. दहावीला संस्कृतसाठीचा मानाचा जगन्नाथ शंकरशेठ पुरस्कार त्यांना मिळाला. पुढे कोल्हापूरच्याच शहाजी छत्रपती महाविद्यालयातून त्यांनी इंग्रजी साहित्य घेऊन पदवी घेतली.

आधी ते राज्य लोकसेवा आयोगाची परीक्षा पास होऊन उपजिल्हाधिकारी झाले. गावाकडं ही नोकरी म्हणजे घराण्याचं सोनं झालं असंच मानतात. पण ते तिथं थांबले नाहीत. केंद्रीय लोकसेवा आयोगाची परीक्षा देऊन 1983 मध्ये ते भारतीय विदेश सेवेत दाखल झाले.

विदेश सेवा म्हणजे काय?

कलेक्टर आणि एसपी निवडणारी जी परीक्षा, तिच्यातूनच विदेश सेवेचे अधिकारीही निवडले जातात. त्यांना एक परकी भाषा शिकावी लागते. दर तीन-चार वर्षांनी देश बदलतो आणि मधेमधे दिल्लीत काम असतं.

यातली पदं समजून घेण्यासारखी आहेत. दुसऱ्या देशाच्या राजधानीत भारताचा जो मुख्य प्रतिनिधी असतो तो राजदूत. तो देश राष्ट्रकुलातला असेल तर त्याच पदाला उच्चायुक्त म्हणतात. राजधानीशिवाय दुसऱ्या मोठ्या शहरात असतो तो वाणिज्यदूत. तिथल्या भारतीयांचे पासपोर्ट, व्हिसा, अडीअडचणी आणि व्यापार हे त्याचं काम.

मुळे यांनी टोकियो, मॉस्को, मॉरिशस आणि सीरियातलं दमास्कस इथं काम केलं. जपानी भाषाही ते शिकले.

मालदीवमधले कसोटीचे दिवस

2009 ते 2013 ते मालदीवमध्ये उच्चायुक्त होते. देश लहान, पण आपल्या दक्षिण टोकाजवळच्या समुद्रातला, म्हणून महत्त्वाचा. फेब्रुवारी 2012 मध्ये तिथले राष्ट्राध्यक्ष मोहम्मद नशीद यांना पद सोडावं लागलं. नव्या सरकारनं त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये माले विमानतळाचं भारतीय कंपनीला दिलेलं कंत्राट रद्द केलं. तिथल्या सरकारच्या एका प्रवक्त्यानं तर जाहीर सभेत मुळे यांचं नाव घेऊन टीका केली.

खरा पेच पुढंच होता. 13 फेब्रुवारी 2013 रोजी नशीद थेट भारतीय उच्चायुक्तालयात आले. एका खटल्यात त्यांच्या अटकेचं वॉरंट निघालं होतं. 1961 च्या व्हिएन्ना करारानुसार परक्या देशाच्या दूतावासात यजमान देशाचे पोलीस परवानगीशिवाय शिरू शकत नाहीत. त्यामुळं पोलीस बाहेर आणि माजी राष्ट्राध्यक्ष आत, अशी स्थिती झाली. बाहेर काढावं तर माणूस तुरुंगात, ठेवून घ्यावं तर दुसऱ्या देशाच्या राजकारणात हात घातल्याचा आरोप. चर्चा होत राहिल्या आणि 23 फेब्रुवारीला नशीद स्वतः बाहेर पडले. अशा वेळी निर्णय दिल्लीत होतो, पण दारात उभं राहून तो निभवायचा असतो जागेवरच्या अधिकाऱ्यालाच.

त्यानंतर 2013 ते 2016 मुळे न्यूयॉर्कला महावाणिज्यदूत होते. सप्टेंबर 2014 मध्ये मॅडिसन स्क्वेअर गार्डनला पंतप्रधानांची मोठी सभा झाली ती याच काळात.

पासपोर्टचं काम

2016 मध्ये ते दिल्लीत सचिव झाले. पासपोर्ट, व्हिसा आणि परदेशातले भारतीय हा विभाग त्यांच्याकडं आला. परराष्ट्रमंत्री होत्या सुषमा स्वराज. त्या काळात झालेले मुख्य बदल असे :

• डिसेंबर 2016 : नियम सोपे झाले. 26 जानेवारी 1989 नंतर जन्मलेल्यांना जन्मदाखल्याचीच सक्ती होती, ती गेली. शाळा सोडल्याचा दाखला, आधार, पॅन असे कागदही चालू लागले. आई किंवा वडील यांपैकी एकाचंच नाव दिलं तरी चालेल असं ठरलं. एकट्या आईनं वाढवलेल्या लेकरांची मोठी अडचण त्यानं सुटली. नोटरीऐवजी साध्या कागदावरचं स्वतःचं निवेदन पुरेसं झालं.

• 25 जानेवारी 2017 : म्हैसूर आणि गुजरातमधलं दाहोद इथं पोस्टात पहिली पासपोर्ट सेवा केंद्रं सुरू झाली. पासपोर्टसाठी कुणाला 50 किलोमीटरपेक्षा लांब जावं लागू नये, असं उद्दिष्ट पुढं जाहीर झालं. आज देशात अशी 400 हून जास्त केंद्रं आहेत, कोल्हापुरातही आहे.

• जून 2018 : मोबाईल अॅप आलं आणि देशात कुठूनही अर्ज करायची मुभा मिळाली.

हे एकट्या माणसाचं काम नव्हे. मंत्री, टपाल खातं, पोलीस, सगळ्यांचा हात लागला. पण खेड्यातल्या माणसाचा हेलपाटा काय असतो हे माहीत असलेला अधिकारी त्या खुर्चीत होता, हेही खरं.

2019 च्या सुरुवातीला मुळे निवृत्त झाले आणि त्याच वर्षी राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाचे सदस्य झाले. ते मराठीतले लेखकही आहेत. 'माती, पंख आणि आकाश' हे त्यांचं आत्मकथन खूप वाचलं गेलं. 'जोनाकी' हा कवितासंग्रह आणि 'नोकरशाईचे रंग' हीही त्यांचीच पुस्तकं.

पासपोर्ट काढणाऱ्यांनी लक्षात ठेवावं

अर्ज आधी ऑनलाईन भरून वेळ घ्यावी लागते. मोठ्या माणसाच्या 36 पानी साध्या पासपोर्टची फी 1500 रुपये आहे. जाताना मूळ कागद सोबत न्यावेत. एक बदल नवा आहे : 1 ऑक्टोबर 2023 किंवा त्यानंतर जन्मलेल्या बाळांसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणून आता फक्त जन्मदाखलाच चालतो. म्हणून लहान मुलाच्या जन्माची नोंद वेळेत करून दाखला जपून ठेवावा.