विश्रामबाग वाडा का वाचला?

तुळशीबागेत खरेदी करून तुम्ही बाजीराव रस्त्यावर आलात की समोर एक लाकडी दर्शनी भाग दिसतो. वर नक्षीदार सज्जा, खाली गर्दी, हॉर्न आणि रिक्षा. फोटो काढून आपण पुढे जातो. आज जरा तिथेच थांबूया. हा विश्रामबाग वाडा.

साधारण 1808 च्या सुमारास दुसऱ्या बाजीरावाने तो बांधून घेतला. शनिवारवाडा होताच, पण त्याला स्वतःसाठी निवांत राहायला वेगळं घर हवं होतं. विश्राम मात्र फार काळ लाभला नाही. 1817 मध्ये खडकीची लढाई झाली, 1818 मध्ये पेशवाई संपली आणि बाजीरावाची रवानगी बिठूरला झाली. म्हणजे मालक या घरात जेमतेम दहा वर्षं राहिला!

आता बांधकाम बघा. वाडा म्हणजे नुसत्या विटांच्या भिंती नाहीत. खाली दगडी जोतं. त्यावर सागवानी खांब आणि तुळयांचा सांगाडा. वरच्या मजल्यांचं बरंचसं वजन हा सांगाडा पेलतो आणि मधल्या जागा विटांनी भरलेल्या असतात. या जाड भिंतींमुळे भर उन्हाळ्यातही आत गारवा राहतो. आत एकामागून एक तीन चौक आहेत. उजेड आणि वारा रस्त्यावरून नाही, तर या चौकांमधून घरात येतो. खांब पाहिलेत तर ते सुरूच्या झाडासारखे, वर निमुळते होत जाणारे. पेशवाईतल्या लाकूडकामाची ही खास ओळख.

पण याच बांधणीत धोकाही आहे. लाकूड पेटलं की मजले कोसळतात, उरतात फक्त भिंती. शनिवारवाड्याचं तेच झालं. 1828 च्या आगीत आतल्या इमारती गेल्या. म्हणून आज तिथे आपण तटबंदी, दरवाजे आणि जोती बघतो.

विश्रामबागही आगीतून सुटला नाही. मे 1879 मध्ये बुधवारवाडा आणि विश्रामबाग, दोन्हीकडे आग लागली. बुधवारवाडा पार गेला, आज त्याचं फक्त नाव उरलंय. विश्रामबागचाही काही भाग जळाला, पण तो पुन्हा उभा केला गेला.

मग प्रश्न पडतो, हाच का वाचला? मला वाटतं, याचं उत्तर विटांत कमी आणि वापरात जास्त आहे.

पेशवाई गेल्यावर इंग्रजांनी 1821 मध्ये इथे संस्कृत पाठशाळा सुरू केली. गंमत म्हणजे पेशवे विद्वान ब्राह्मणांना जी दक्षिणा वाटायचे, त्याच पैशांतला काही भाग या शाळेकडे वळवला गेला. आजच्या डेक्कन कॉलेजची पाळंमुळं या पाठशाळेत आहेत. पुढे याच वाड्यात नगरपालिकेची कचेरी आली, पोस्ट ऑफिसही आलं. जिथे पेशवा राहायचा तिथे पोरं व्याकरण घोकायला लागली आणि नंतर लोक पाकिटावर तिकीट चिकटवायला लागले. घर कुणाला तरी रोज लागत होतं, म्हणून गळकं छप्पर कुणाला तरी रोज दिसत होतं.

हे सगळं गोड आहे असं मात्र नाही. कचेऱ्या आल्या की चौकात फायलींची कपाटं येतात, वायरी लोंबकळतात, जुन्या लाकडावर ऑइलपेंट चढतो. वापराने घर झिजतं. पण बंद घराला वाळवी आणि पावसाळा त्याहून लवकर संपवतात.

पेठांमधले कितीतरी वाडे आपल्या डोळ्यांदेखत पडले. कधी हिश्शांच्या भांडणात, कधी बिल्डरच्या बोर्डाखाली. प्रत्येक वाडा वाचणार नाही, आणि गळक्या खोलीत राहणाऱ्यांना ‘वारसा जपा’ असं आपण बाहेरून सांगणंही बरं नाही. पण एक करता येईल. आजीच्या गावचं जुनं घर असेल, तर पाडायचं की ठेवायचं या वादाआधी एकदा विचारा, या घरात आज काय चालू करता येईल?

आणि पुढच्या वेळी बाजीराव रस्त्यावर गेलात तर वाड्यासमोर दोन मिनिटं थांबा. मान वर करून तो सज्जा नीट बघा. भेटू पुढच्या भागात!