मंथरेचा डावा डोळा

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

१९८७ साली लालबागच्या आमच्या चाळीत, आमच्या मजल्यावर टीव्ही एकच होता. रविवारी सकाळी साडेनऊला ‘रामायण’ लागायचं आणि नऊपासूनच त्या खोलीत पाय ठेवायला जागा नसायची. पुढं मुलं, मागं बायका, पुरुष दारात आणि गॅलरीत. गिरण्यांचा संप १८ जानेवारी १९८२ ला सुरू झाला होता आणि तो मिटल्याचं कुणी कधी जाहीर केलंच नाही. त्यामुळं गॅलरीतल्या बऱ्याच पुरुषांना रविवार काय नि सोमवार काय, सारखेच होते.

या गर्दीत अगदी उंबऱ्यापाशी एक मावशी बसायच्या. त्या खानावळ चालवायच्या. संपाआधी गावाकडचे वीस-पंचवीस गिरणीकामगार त्यांच्याकडं जेवायला असत, संपानंतर पाच-सहा उरले. त्यांच्या तोंडावरून कधीतरी वारं गेलं होतं. डावा गाल ओघळलेला, डावा डोळा अर्धा मिटलेला. आम्ही मुलं त्यांना पाठीमागं ‘ललिता पवार’ म्हणायचो. कधी कधी तोंडावरसुद्धा.

हे नाव काही आमच्या डोक्यातून निघालं नव्हतं. कुठल्याही मराठी घरात सुनेचा छळ करणाऱ्या सासूला तेव्हा हेच नाव दिलं जायचं. जिचं नाव असं वापरून गुळगुळीत झालं, ती बाई कोण होती, हे मात्र चाळीत कुणी विचारलं नव्हतं.

ललिताबाईंचा जन्म १८ एप्रिल १९१६ चा, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. माहेरचं नाव अंबा सगुण. पुण्याच्या आर्यन फिल्म कंपनीत त्या मूकपटाच्या काळातच, लहान वयात आल्या. पुढं बोलपटांत त्या नायिका झाल्या, गाणी म्हटली, चित्रपटांची निर्मितीही केली. भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ १९३९ चा, वि. स. खांडेकरांच्या कथेवरचा मास्टर विनायकांचा ‘अमृत’ १९४१ चा. या काळातलं त्यांचं छायाचित्र पाहिलं तर आपल्याला ओळख पटत नाही. दोन्ही डोळे सारखे, टपोरे.

१९४२ साली ‘जंग-ए-आझादी’ नावाच्या चित्रपटाचं चित्रण चाललं होतं. प्रसंगात नायिकेच्या थोबाडीत मारायची होती. मारणारे होते मास्टर भगवान. हो, आपले भगवानदादा, ‘अलबेला’वाले. हात जोरात बसला. ललिताबाईंच्या डाव्या डोळ्याची शीर फुटली आणि चेहऱ्याची ती बाजू लुळी पडली. उपचार लांबले आणि डोळा कायमचा बारीक राहिला. त्या तीन वर्षं पडद्यापासून दूर होत्या असं नेहमी सांगितलं जातं. पण १९४४ च्या ‘रामशास्त्री’त त्या दिसतात, तेव्हा हे गणित फार काटेकोर धरू नये.

भगवानदादांविषयी आमच्या भागात कुणाला वाकडा शब्द ऐकवणार नाही. गिरणीकामगाराचा मुलगा, दादर-परळमध्ये वाढलेला. गणपतीच्या मिरवणुकीत आमची अख्खी पिढी त्यांच्यासारखी नाचली. सगळं वैभव गेल्यावर ते दादरच्या चाळीत राहिले आणि ४ फेब्रुवारी २००२ ला तिथंच गेले. त्यांनी काही मुद्दाम केलं नव्हतं. पण तो काळ पाहा. एखाद्या कामगाराचा हात साच्यात गेला, तर निदान भरपाईचा कायदा १९२३ पासून होता. नटीचा चेहरा गेला, तर तिनं कुणाकडं जायचं? नायिकेची कामं गेली, एवढाच त्याचा निकाल.

आता त्या ‘रामशास्त्री’कडं वळू. प्रभातच्या या चित्रपटात ललिताबाई आनंदीबाई झाल्या आहेत. नारायणराव पेशव्यांचा खून १७७३ चा, आणि ‘ध’चा ‘मा’ केल्याचा ठपका दंतकथेनं आनंदीबाईंवर ठेवलेला. मराठी माणसानं जिला वर्षानुवर्षं शिव्या घातल्या, ती भूमिका त्यांच्याकडं आली. पुढची वाट इथंच ठरली असं मला वाटतं.

मग १९५० चा ‘दहेज’. शांतारामबापूंच्या राजकमलचा, म्हणजे आमच्या परळचाच. पृथ्वीराज कपूर मुलीचा बाप आणि ललिताबाई हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू. हुंडाबंदीचा केंद्रीय कायदा यायला तेव्हा अजून अकरा वर्षं होती. हा चित्रपट मी नंतर पाहिला, आणि पाहताना लक्षात आलं की बाई डोळा लपवत नाहीत. दुसरी एखादी नटी कॅमेऱ्याला चांगली बाजू देत राहिली असती. या मान किंचित वळवतात, तो डोळा बरोबर पुढं आणतात आणि शब्द सावकाश सोडतात. जे व्यंग म्हणून पदरात पडलं, त्याचं त्यांनी हत्यार केलं. मात्र त्या हत्याराशिवायही त्यांचं चालत होतं. ‘श्री ४२०’मधली केळी विकणारी गंगामाई किंवा ‘अनाडी’तली घरमालकीण मिसेस डिसा आठवा. वरून काटेरी, आतून माया. मिसेस डिसासाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला, १९६१ साली संगीत नाटक अकादमीचाही मिळाला. पण लोकांनी लक्षात ठेवली ती सासूच. माया करणाऱ्या गंगामाईलाही डोळा तोच होता, हे कुणी ध्यानात घेतलं नाही.

आणि मग मंथरा. रामानंद सागरांचं ‘रामायण’ २५ जानेवारी १९८७ ला सुरू झालं, त्या वर्षी बाईंनी सत्तरी ओलांडली. त्या अयोध्येत आपली माणसंही बरीच होती. बाळ धुरी दशरथ, जयश्री गडकर कौसल्या, म्हणजे खरंखुरं जोडपंच. मंथरा वाल्मीकींपासून कुबडी. कपटी दासी म्हटली की तिचं शरीर वाकडं असायचं, ही समजूत इतकी जुनी आहे. त्या समजुतीला १९४२ सालच्या एका थपडेचा डोळा येऊन मिळाला.

मंथरा कैकेयीचे कान भरत होती त्या रविवारी खोलीत बायका बोटं मोडत होत्या. आम्ही दोघा-तिघांनी माना वळवून उंबऱ्याकडं पाहिलं आणि फिदीफिदी हसलो. मावशींना ते दिसलं. त्या रागावल्या नाहीत. पडद्याकडं पाहतच म्हणाल्या, “म्हातारी झालीय रे ती. या वयात किती वेळ वाकून राहायला लागतंय तिला.”

इतरांना तिथं मंथरा दिसत होती. दिवसभर चुलीपुढं वाकणाऱ्या मावशींना तिथं कामावर आलेली एक बाई दिसली. हे मला तेव्हा अर्थातच कळलं नाही.

पुढं खाजगी वाहिन्या आल्या आणि खलनायिका रोज रात्री घरात येऊ लागली. २००१ च्या ‘कहीं किसी रोज’मध्ये सुधा चंद्रन यांनी रमोला सिकंद केली. भल्यामोठ्या नक्षीदार टिकल्या, जरीच्या साड्या, रोखलेली नजर. मुंबईत वाढलेल्या या नर्तकीनं १९८१ च्या अपघातात एक पाय गमावला होता आणि जयपूर फूट लावून ती पुन्हा नाचली, हे साऱ्या देशाला ठाऊक होतं. त्यांच्याच आयुष्यावर ‘मयूरी’ निघाला. पण रमोलाचा दुष्टपणा त्या पायाशी कुणी जोडला नाही; तो टिकलीत आणि भुवईत राहिला. रंगभूषा पुसली की संपला. ललिताबाईंना ही सोय नव्हती. चेहरा धुतला तरी डोळा तोच.

२४ फेब्रुवारी १९९८ ला पुण्यात औंधला ललिताबाई गेल्या. त्यांच्यावरच्या मृत्युलेखात मी त्या थपडेविषयी पहिल्यांदा वाचलं. तोवर मावशी खानावळ बंद करून कोकणात गेल्याला बरीच वर्षं झाली होती.

२०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शननं ‘रामायण’ पुन्हा दाखवलं. पुतणी आमच्याकडंच अडकली होती. तिनं विचारलं, “काका, हिचा डोळा असा का?” मी तिला थपडेची गोष्ट सांगितली, आणि मग खानावळवाल्या मावशींचीही. ती म्हणाली, “त्यांचं खरं नाव काय होतं?”

मला सांगता येईना. भावाला फोन लावला. चाळ, मजला, खोली नंबर, त्यांच्या हातच्या सुक्या बोंबलाचं कालवण, सगळं त्याला आठवत होतं. नाव त्यालाही आठवलं नाही.