अंतराळातील पाणी आणि वजू

वाचकहो, दहावीचा निकाल लागला की एखादे पालक हळूच विचारतात, "सर, विज्ञान शाखेत घातले तर मुलगी दीनपासून दुरावणार नाही ना?" ही शंका हसण्यावारी नेण्यासारखी नाही. तिचे उत्तर अंतराळात राहू पाहणाऱ्या माणसाच्या इतिहासात सापडते.

12 एप्रिल 1961 रोजी युरी गागारिन अंतराळात गेला आणि 108 मिनिटांत परतलाही. एवढ्या अल्पकाळाला बरोबर नेलेली हवा पुरते. खरी कसोटी मुक्कामाची. 1971 साली सोव्हिएत संघाने 'सल्यूत-1' हे पहिले अंतराळस्थानक सोडले. तेथून परतताना 30 जून रोजी यानाची एक झडप अवेळी उघडली, आतील हवा निघून गेली आणि दोब्रोव्होल्स्की, व्होल्कोव्ह व पात्सायेव्ह हे तिघे वीर प्राणास मुकले. त्यांच्या अंगात दाबरक्षक पोशाख नव्हते. पुढे सोयुझ यानात चढता-उतरताना असा पोशाख आवश्यक ठरला. प्रत्येक सोयीमागे अशी किंमत मोजलेली आहे.

हवेनंतर पाणी. पृथ्वीवरून थेंबथेंब वर नेणे अतिशय खर्चाचे. म्हणून श्वासातील व घामातील बाष्प थंड करून पुन्हा पाणी मिळविण्याची युक्ती निघाली. आंतरराष्ट्रीय अंतराळस्थानकावर 2008 मध्ये मूत्र शुद्ध करणारे यंत्रही बसले. 2023 मध्ये तेथील सुमारे 98 टक्के पाणी परत मिळविण्याचे उद्दिष्ट साध्य झाले. पाण्याचे विजेने पृथक्करण करून श्वासासाठी प्राणवायूही तेथेच तयार होतो.

याच स्थानकावर ऑक्टोबर 2007 मध्ये मलेशियाचे डॉक्टर शेख मुस्झफर शुकोर गेले. महिना रमजानचा! स्थानक सुमारे 90 मिनिटांत पृथ्वीभोवती फिरते. दिवसात सोळा वेळा सूर्य उगवतो. मग नमाज केव्हा? किब्ला कोणीकडे? वजूला पाणी कोठले? मलेशियाच्या उलेमांनी शास्त्रज्ञांशी विचारविनिमय करून मार्गदर्शन तयार केले. वेळ उड्डाणस्थळाची, म्हणजे बैकोनूरची धरावी. किब्ला शक्य तेवढा साधावा. पाणी नसल्यास तयम्मुम करावे. रोजे परतल्यावर ठेवले तरी चालतील. त्यांनी ईदही तेथेच साजरी केली. त्याआधी एक वर्ष, 2006 मध्ये, इराणमध्ये जन्मलेल्या अभियंता अनुशे अन्सारी याच स्थानकावर राहून आल्या होत्या.

वाचकहो, येथे उलेमांनी विज्ञानाकडे पाठ फिरविली नाही आणि शास्त्रज्ञांनी श्रद्धेची थट्टा केली नाही. दोघांनी एकाच प्रश्नाचा एकत्र बसून विचार केला. वजू करतानाही पाणी वाया घालवू नये, ही शिकवण आपल्याला लहानपणापासून मिळाली आहे. अंतराळस्थानकातील यंत्रे तोच धडा निराळ्या भाषेत देतात. तेव्हा पालकांनो, मुलीचे नाव विज्ञान शाखेत निःशंक मनाने घाला. ती दीनपासून दुरावणार नाही. उद्या असेच एखादे कोडे सोडवायला आपल्यातून कोणीतरी तयार असेल.