पाणबुडीचा कप्तान नदीत

आम्हा जालनेकरांचं मोठं पाणी म्हणजे मोती तलाव, पाणबुडी फक्त सिनेमात. म्हणून कॅप्टन मोहन सामंत मला उशिराच कळले. १९६९ साली रिगा बंदरात नौदलात आलेल्या ‘आयएनएस करंज’चे ते पहिले कप्तान. १९७१ मध्ये करंज कराचीकडे गेली, तेव्हा सामंत तिच्यावर नव्हते. छातीला सुरुंग बांधून रात्री पोहत जाणाऱ्या बंगाली पोरांची गुप्त मोहीम ते सांभाळत होते. ऑगस्टमध्ये या पोरांनी एकाच रात्री चितगावसह चार बंदरांत जहाजं उडवली. डिसेंबरात सामंत स्वतः बोटी घेऊन खुलन्याला गेले. १० तारखेला आपल्याच विमानांनी त्यांतल्या दोन बुडवल्या! गोळीबारातच त्यांनी पाण्यातली माणसं वर ओढली. महावीर चक्र मिळालं ते या नदीतल्या लढाईसाठी. ‘ऑपरेशन एक्स’ हे पुस्तक २०१९ मध्ये आलं; त्याच वर्षी सामंत गेले.