दुसरा गोलकीपर

माझा भाचा इंग्लंडमध्ये असतो. तिकडे फुटबॉलच्या वरच्या चार विभागांत मिळून 92 क्लब आहेत. त्याच्या गावचा क्लब अगदी तळातला. पण तिथल्या म्हाताऱ्यांना आपला जुना विंगर, म्हणजे मैदानाच्या कडेकडेने पळणारा गडी, कोणत्या मोसमात किती खेळला ते अजून पाठ आहे म्हणे. तो गडी इंग्लंडकडून कधीच खेळला नाही, तरीही! परवा फोनवर भाचा म्हणाला, "मामा, आपल्या यवतमाळात आहे का असा कोणी?"

आहे ना! आणि आपला तर भारताकडून खेळला. हॉकीचा गोलकीपर आकाश चिकटे, जन्म यवतमाळचा, 1992 चा. पण त्याचे सामने सांगायला बसलो आणि चार वाक्यांत अडखळलो. म्हणून म्हटलं, एकदा लिहूनच काढावं.

मंडळी, दुसरा गोलकीपर ही मोठी विचित्र नोकरी आहे. फॉरवर्ड असला तर दहा मिनिटं तरी मैदानात जायला मिळतं. गोलकीपर मात्र एकच. आकाशच्या काळात ती जागा श्रीजेशची होती. म्हणजे याने रोज तेवढाच सराव करायचा आणि बाकावर बसायचं.

30 ऑक्टोबर 2016. लक्ष्मीपूजनाचा दिवस. मलेशियात कुआंतानला एशियन चॅम्पियन्स ट्रॉफीची फायनल, समोर पाकिस्तान. आदल्या दिवशी कोरियाविरुद्ध शूटआउट जिंकून देणारा श्रीजेश दुखापतीमुळे बाहेर. गोलमध्ये उभा राहिला आपला आकाश. 2-0 अशी आघाडी गेली, 2-2 झालं. शेवटी निक्किन थिमय्याने तिसरा गोल केला आणि भारत 3-2 ने जिंकला. आमच्या घरी पूजेची आरती त्या दिवशी जरा घाईतच उरकली, हे आता कबूल करायला हरकत नाही. :)

2017 मध्ये अझलन शाह स्पर्धेत श्रीजेशच्या गुडघ्याला मोठी दुखापत झाली आणि तो कित्येक महिने बाहेर राहिला. त्या वर्षी ढाक्याला आशिया कप जिंकणाऱ्या संघात आकाश आणि मुंबईचा सूरज करकेरा असे दोन मराठी मुलुखातले गोलकीपर होते. मग डिसेंबरात भुवनेश्वरला वर्ल्ड लीगची फायनल स्पर्धा. उपांत्यपूर्व फेरीत समोर बेल्जियम, रिओ ऑलिंपिकचा रौप्यविजेता. 3-3 बरोबरी, मग शूटआउट. हॉकीत खेळाडू 23 मीटरच्या रेषेवरून चेंडू घेऊन निघतो आणि 8 सेकंदांत गोल करायचा असतो. गोलकीपर एकटा पुढे धावत येतो. भारताने तो 3-2 ने जिंकला आणि दुसऱ्या दिवशी कौतुक झालं ते आकाशचं. शेवटी संघाला कांस्य मिळालं.

इथे थांबलो असतो तर गोष्ट छान झाली असती. पण हिशेब मांडायचा तर पूर्ण मांडावा. फेब्रुवारी 2018 मध्ये शिबिरात घेतलेल्या त्याच्या नमुन्यात बंदी असलेलं स्टिरॉइड सापडलं. नाडाच्या समितीने दोन वर्षांची बंदी घातली. असं स्टिरॉइड सापडलं की नियमाने चार वर्षं बाहेर. पण हे जाणूनबुजून केलेलं नाही, असं समितीने मानलं म्हणून दोन. पण गोलकीपरला दोन वर्षंही खूप झाली. श्रीजेश परतला होता, मागे कृष्ण पाठक येऊन उभा राहिला. बंदी संपली मार्च 2020 मध्ये, आणि त्याच महिन्यात अख्खा देश घरात बसला. पुढे श्रीजेशने टोकियो आणि पॅरिसला कांस्य मिळवलं. ते सगळ्यांना पाठ आहे, आणि ते योग्यच आहे.

पण बंदीची बातमी वाचून आपण बेल्जियमचा सामनाही विसरून गेलो, हे काही बरोबर नाही. चूक झाली ती नोंदवावी, पण शेजारी दिवाळीचा तो दिवसही नोंदवावा. खोडरबर घेऊन एकच बाजू पुसायची नसते.

भाच्याला हे सगळं पाठवतो आहे. तुमच्यापैकी कोणी पोस्टल ग्राउंडवर पोरांना खेळताना बघत उभं असेल, तर त्यांनाही सांगा... आपल्या गावचा एकजण पाकिस्तानविरुद्धच्या फायनलमध्ये गोल सांभाळत होता.

असो.